नऊ सेंटीमीटरचा दोरा

आमच्या शाळेत पृथ्वी एकच होती, आणि ती मागच्या वर्षी जूनमध्ये कपाटावरून पडली. प्लॅस्टिकच्या दोन अर्ध्या वाट्या जोडून केलेला तो गोल बरोबर विषुववृत्तावर उकलला. उत्तर गोलार्ध माझ्या टेबलाशी थांबला, दक्षिण गोलार्ध घरंगळत शेवटच्या बाकाखाली गेला. सातवीची मुलं पोट धरून हसली. मलाही हसू आलं, पण महिन्याभरात अक्षांश-रेखांश शिकवायचे होते.

मी धाराशिव जिल्ह्यातल्या एका लहान गावात उर्दू शाळेत शिकवते. भूगोल आणि मराठी हे माझे विषय. नव्या गोलासाठी अर्ज केला. 'पुढच्या वेळी बघू' असं उत्तर आलं. मुलांना मी तेव्हाच एक गंमत सांगितली. पृथ्वीगोलाला उर्दूत कुर्रा-ए-अर्ज म्हणतात. अक्षांशाला अर्ज-बलद म्हणतात. आणि मी दिला तोही अर्जच. पहिला अर्ज अलिफने सुरू होतो, त्याचा अर्थ जमीन. दुसरे दोन ऐनचे; एकाचा अर्थ रुंदी, दुसऱ्याचा विनंती. एका मुलाने लगेच विचारलं, "आपा, ऐनवाला अर्ज मंजूर नईं हुआ, तो अलिफवाला हमीच बनाएँगे क्या?"

अशी सुरुवात झाली.

कागद आणि खळ यांचा गोल करायची पद्धत सोपी वाटते. फुगा फुगवायचा, वर्तमानपत्राच्या पट्ट्या खळीत बुडवून त्यावर चिकटवायच्या, वाळल्यावर फुगा फोडायचा. मी घरून मैद्याची खळ शिजवून नेली. मुलांनी एका दुपारीच पाच-सहा थर चढवले. ऑगस्ट महिना होता, बाहेर झड लागलेली. गोल वरून वाळल्यासारखा दिसायचा, पण आत ओलाच राहिला. चौथ्या दिवशी वर्गात आंबूस वास येऊ लागला. आठवड्यानं त्यावर काळी-हिरवी बुरशी आली, आणि एका सकाळी पाहिलं तर उंदरांनी एका बाजूला बोटभर भोक पाडलेलं. तो गोल मी व्हरांड्यात ठेवून दिला. फेकवत नव्हता.

त्याच सुमारास वर्गातल्या एका मुलीच्या आईला मी शाळेत बोलावलं होतं. मुलगी हुशार, पण दर बुधवारी गैरहजर. बुधवार आमच्याकडे बाजाराचा दिवस. आई बाजारात बांगड्यांचं दुकान मांडते, आणि मुलगी घरी धाकट्या भावाला सांभाळते. वडील जेद्दाला ड्रायव्हर आहेत, तीन वर्षांत आलेले नाहीत. आई आली, दाराशीच उभी राहिली. बसा म्हटलं तरी बसेना. माझं बोलणं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "आपा, सातवी हो गई के बस. आगे की शाळा नौ किलोमीटर पे है, मराठी में है. अकेली लड़की को बस में कां भेजूँ?"

मी नेहमीचं सगळं सांगितलं. तालीम किती गरजेची आहे, सरकार मुलींना काय काय देतं, वगैरे. ती मान हलवत होती, आणि ती मान हलवणं मी वीस वर्षांत पुष्कळ पाहिलं आहे. त्याचा अर्थ होकार नसतो. आपण बोलून दमावं, एवढाच असतो.

निघताना तिची नजर व्हरांड्यातल्या त्या कुजक्या गोलावर गेली. तिने वाकून तो उचलला, वास घेतला, नखाने थर उचकटून पाहिला आणि पहिल्यांदाच हसली. "ये कौन बनाया? मेथी नईं डाले क्या इसमें?"

मी शरमले. कारण ही गोष्ट मला माहीत असायला हवी होती. माझी नानी परंड्याची. तिच्या घरी रद्दी कधी वाया जात नसे. कागद तीन-चार दिवस पाण्यात भिजत घालायची, रोज पाणी बदलायची. मग उखळात कुटून त्याचा लगदा करायची. त्यात भिजवून वाटलेली मेथी घालायची. जुनी, विरलेली दुरडी आतून-बाहेरून या लगद्याने लिंपली की आणखी काही वर्षं भाकरी ठेवायला चालायची. मेथी भिजली की बुळबुळीत होते, आणि तो चिकटपणा कागदाला धरून ठेवतो. कडूपणामुळे कीड लागत नाही. मराठवाड्यात हिंदू-मुसलमान दोन्ही घरांतल्या बायका हे काम करत. मी लहानपणी तो लगदा कुटलाही होता. पण बी.एड. करताना टाकाऊतून टिकाऊचे जे पाठ घेतले, त्यांत दुरडीची आठवण कधी आली नाही. शाळेतल्या गोष्टी एका कप्प्यात, नानीच्या गोष्टी दुसऱ्या कप्प्यात.

मी त्या बाईंना म्हटलं, "तुम्हीच येऊन दाखवा ना मुलांना." ती म्हणाली, "मैं क्या दिखाऊँ, मेरे को तो लिखने भी नईं आता." मी म्हटलं, यात लिहायचं काही नाही. बाजार नसलेल्या दिवशी, शुक्रवारी सकाळी ती आली. सोबत वाटलेल्या मेथीचा डबा आणि कडेवर धाकटा मुलगा.

त्या सकाळी जे शिकायला मिळालं ते इथे नीट सांगते, म्हणजे कुणाला घरी मुलांसोबत करायचं असेल तर उपयोग होईल.

फुगा मोठा घ्यावा. आमचा तीस सेंटीमीटर व्यासाचा होता. खळीत वाटलेली मेथी मिसळावी. वाटीभर खळीला दोन चमचे पुरे. कागद कात्रीने कापू नये, हाताने फाडावा. फाटलेल्या कडेचे तंतू एकमेकांत मुरतात, कापलेली कड उठून राहते. एका दिवसात एकच थर, फार तर दोन. पहिल्या दिवशी सावलीत वाळू द्यावं, मग उन्हात. एकदम उन्हात ठेवलं तर आतली हवा तापून फुगा फुगतो आणि थर तडकतात. हे सगळं ती बाई अशा ठामपणे सांगत होती की मुलं माझ्याकडे बघेनाशीच झाली.

एक युक्ती मात्र माझी. थर कुठे चढला आणि कुठे राहिला हे कळावं म्हणून एक थर मराठी वर्तमानपत्राचा आणि एक उर्दूचा घेतला. उर्दूवर मराठी पूर्ण झाकली गेली की थर पुरा. उर्दू वर्तमानपत्रात आयती, हदीस, अल्लाह-रसूलचं नाव येतं, म्हणून एक तास फक्त पानं निवडण्यात गेला. तशी पानं मुलांनी अदबीने वेगळी काढून ठेवली. उरल्या त्या जाहिराती, क्रिकेट आणि बाजारभाव. तीन थर मराठीचे, तीन उर्दूचे. आठवडाभरात गोल वाजवला की टणटण आवाज येऊ लागला.

कागदाला लगद्यातून घट्ट करून त्यावर रंगकाम करायची कला काश्मीरमध्ये शतकानुशतकं चालत आली आहे. लगद्याचं काम ते सख्तसाजी, आणि वरच्या रंगकामाला नक्काशी म्हणतात. ही कला चौदाव्या शतकात मीर सय्यद अली हमदानी यांच्यासोबत आलेल्या कारागिरांनी तिथे रुजवली असं काश्मिरी लोक मानतात. जगातला आज टिकून असलेला सर्वांत जुना पृथ्वीगोल मार्टिन बेहाइम याने १४९२च्या सुमारास जर्मनीतल्या न्यूरेंबर्गमध्ये करवून घेतला. तोही कापडाच्या थरांवर थर चिकटवून केलेला पोकळ चेंडूच आहे. कोलंबस अजून परतलेला नव्हता, म्हणून त्या गोलावर अमेरिका नाही. हे सांगितल्यावर मुलांना फार धीर आला. सर्वांत जुन्या गोलातही एवढी मोठी चूक आहे म्हणजे आपलं चालेल, असं त्यांना वाटलं.

फुगा फोडल्यावर एका मुलाने देठाच्या भोकातून आत डोकावून विचारलं, "आपा, अंदर कुछ बी नईं है. असली वाली में क्या है?" आम्ही हिशेब केला. आमच्या गोलावर एक मिलिमीटर म्हणजे सुमारे बेचाळीस किलोमीटर. आपण राहतो त्या जमिनीचं कवच पस्तीस-चाळीस किलोमीटर जाडीचं. म्हणजे सहा थरांचं आमचं टरफल जेवढं जाड, साधारण तेवढंच पृथ्वीचं. आणि काही मुलांना लगद्याचा उंच हिमालय करायचा होता, तो एव्हरेस्टसुद्धा या मापाने मिलिमीटरचा पाचवा भाग, म्हणजे रंगाच्या एका जाड फराट्याएवढा.

मग मी त्यांना ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटेबद्दल सांगितलं. मी तेव्हा शाळकरी होते. किल्लारी लातूर जिल्ह्यात, पण आमच्या जिल्ह्यातल्या लोहारा आणि उमरगा तालुक्यांतली गावंही त्या भूकंपात आडवी झाली. दगड-मातीच्या जाड भिंतींखाली हजारो माणसं गेली. टरफल एवढं पातळ आहे हे त्या दिवशी मोठ्यांनाही माहीत नव्हतं. वर्ग थोडा वेळ गप्प होता. नंतर एकाने गोल उचलला तो दोन्ही हातांनी.

आता नकाशा. इथे माझी चूक झाली, आणि ती कबूल केल्याशिवाय हा लेख लिहिण्यात अर्थ नाही.

दिवाळीची सुट्टी संपली होती, अभ्यासक्रम मागे पडला होता. गोल निळा रंगवून झाल्यावर मी घाई केली. रेघा आखायचं सोडून अंदाजानेच खडूने खंड काढले आणि मुलांना रंगवायला दिले. गोल सुंदर दिसत होता. हिरवा भारत मध्यावर डौलात बसला होता. मुख्याध्यापकांनी फोटो काढला.

त्या मुलीने विचारलं, "आपा, इसपे जेद्दा कां है?" मी लाल समुद्राच्या काठी ठिपका दिला. तिने ओढणीचा एक दोरा ओढून काढला, एक टोक धाराशिवच्या ठिपक्यावर ठेवलं, दुसरं जेद्दावर. पट्टीवर मोजलं तर सहा सेंटीमीटर. आदल्याच दिवशी मी गुणोत्तर शिकवलं होतं. गोलाचा परीघ चौऱ्याण्णव सेंटीमीटर, पृथ्वीचा परीघ चाळीस हजार किलोमीटर, म्हणजे एका सेंटीमीटरला सुमारे सव्वाचारशे किलोमीटर. तिने वहीत गुणाकार केला. अडीच हजार. दुसऱ्या दिवशी आईच्या मोबाइलवर अंतर पाहून आली. साडेतीन हजारांच्याही वर. वही माझ्यासमोर ठेवून हळूच म्हणाली, "आपा, अब्बू इतने नजदीक नईं हैं."

मी गोल हातात घेऊन पाहिला. माझा भारत जवळजवळ अर्ध्या आफ्रिकेएवढा झाला होता. त्याला जागा करून देताना अरबी समुद्र मी एका अरुंद पट्टीत कोंबला होता. आपला देश आपल्याला मोठा दिसतो, त्यात वाईट काही नाही. पण तीन वर्षं बाप न पाहिलेल्या मुलीला मी सुमारे तेराशे किलोमीटर कमी करून दाखवले होते, आणि ते तिच्या लक्षात आलं होतं.

सगळा गोल पांढऱ्या रंगाने पुसला. मुलांनी कुरकुर केली. मी त्यांना खरं कारण सांगितलं, "माझं चुकलं, मोजलं नाही."

या वेळी रीतसर केलं. कागदाची पट्टी गोलाच्या पोटाभोवती गुंडाळून परीघाएवढी कापली. तिला तीन वेळा निम्म्यात दुमडून आठ भाग केले, मग प्रत्येकाचे तीन. चोवीस भाग, प्रत्येक पंधरा अंशांचा. पट्टी पुन्हा पोटाभोवती बांधून खुणा केल्या. ती विषुववृत्ताची रेघ, खत-ए-इस्तिवा. प्रत्येक खुणेपासून दोन्ही ध्रुवांपर्यंत दोरा ताणून रेखांश काढले. विषुववृत्तापासून ध्रुवापर्यंत साडेतेवीस सेंटीमीटर होतात. त्यांचे सहा भाग करून अक्षांश. मग नकाशाच्या पुस्तकातून एकेक चौकट बघत किनारे उतरवले. दहा दिवस लागले. धाराशिव अठरा अंश उत्तरेला, म्हणजे विषुववृत्तापासून पावणेपाच सेंटीमीटर वर. शहात्तर अंश पूर्वेला, म्हणजे ग्रिनिचपासून पाचव्या रेघेच्या किंचित उजवीकडे.

ठिपका दिल्यावर वाद सुरू झाला. काही म्हणाले उस्मानाबाद लिहा, काही म्हणाले धाराशिव. २०२३मध्ये जिल्ह्याचं नाव अधिकृतपणे बदललं, पण घराघरांतल्या आजी-आजोबांच्या तोंडी जुनंच बसलं आहे. मी बारीक पेन मुलांच्या हातात दिलं आणि म्हटलं, लिहून दाखवा. ठिपका एक मिलिमीटरचा, म्हणजे बेचाळीस किलोमीटर. त्यात धाराशिव आणि तुळजापूर दोन्ही बसतात. कुठलंच नाव मावेना. शेवटी सगळ्यांनी मिळून फक्त लाल ठिपका ठेवायचं ठरवलं. "आपुन सब इसके अंदरच हैं," एक जण म्हणाला.

मुलीने पुन्हा दोरा लावला. नऊ सेंटीमीटर आणि वर एक मिलिमीटर. गुणाकार साडेअडतीसशेच्या पुढे गेला. मोबाइलशी पडताळलं, जुळलं. ती काहीच बोलली नाही, फक्त दोरा तेवढ्या मापाला तोडून भूगोलाच्या पुस्तकात ठेवला.

पंधरा अंशांच्या त्या रेघांनी आणखी एक गोष्ट उलगडली. पृथ्वी एका तासात पंधरा अंश फिरते. आपण आणि जेद्दा यांच्यात सदतीस अंश, म्हणजे सूर्य तिथे जवळपास अडीच तास उशिरा मावळतो. मुलगी म्हणाली, अब्बूंचा फोन रोज आमची इशा झाल्यावर येतो, आणि मागून मगरिबची अजान ऐकू येते. तिला वाटायचं तिकडची मशीद उशिरा अजान देते. आता वर्गाला गोल फिरवून तिनेच समजावून सांगितलं की सूर्य आपल्याकडून निघून अब्बूंकडे जायला तेवढा वेळ लागतो.

तोच दोरा मी मक्केच्या ठिपक्यावर ताणला. आपल्याकडे किब्ला म्हणजे पश्चिम असं सरसकट सांगतात. भिंतीवरच्या सपाट नकाशात मक्का पश्चिमेपासून पाचेक अंश उत्तरेकडे दिसते. गोलावर ताणलेला दोरा मात्र धाराशिवहून निघतानाच पश्चिमेपासून अकरा-बारा अंश उत्तरेला कलतो. कोनमापक ठेवून प्रत्येकाने मोजलं. गोल पृथ्वीवरची सर्वांत जवळची वाट सपाट कागदावर सरळ दिसत नाही, हे व्याख्यान देऊन मला कधीच समजावता आलं नव्हतं. अकराव्या शतकात अल-बिरूनींनी गजनीचा किब्ला नेमका काढण्यासाठी 'तहदीद' हा पूर्ण ग्रंथ लिहिला. आज पाकिस्तानी पंजाबात असलेल्या नंदना किल्ल्याजवळच्या डोंगरावरून क्षितिज किती खाली झुकलेलं दिसतं ते मोजून त्यांनी पृथ्वीची त्रिज्या काढली, ती आजच्या मापाच्या जवळ आहे. मुलांना मी हेही सांगितलं की मशिदीत जाऊन अंशांवरून कुणाशी वाद घालू नका. दूरच्या माणसाला दिशा पुरेशी आहे, असं उलेमा सांगतात. मोजायचं ते समजून घेण्यासाठी.

डिसेंबरमध्ये मुलीची आई पुन्हा आली, या वेळी न बोलावता. गोल सायकलच्या तारेवर तिरपा बसवून झाला होता. तिने आधी बोटाने ठोकून पाहिला. आवाज पसंत पडला. मग विचारलं, "इसके अब्बा किदर हैं?" मुलीने आईचं बोट धरून लाल ठिपक्यावर ठेवलं, मग दोरा लावून अरबी समुद्रावरून हळूहळू जेद्दापर्यंत नेलं. बाई बराच वेळ बोट तिथेच ठेवून उभी होती. मग मला म्हणाली, "आपा, ये गिनने का इसको कौन सिखाया?" मी म्हटलं, हिशेब मी शिकवला, पण चूक तिनेच पकडली. माझी.

त्या दिवशी मी तालीमवर एक शब्दही बोलले नाही. तीच जाताना म्हणाली, "आठवी का देखते. इसके अब्बा को पूछती मैं, रात को फोन आया तो."

रात्री फोनवर काय बोलणं झालं मला माहीत नाही. मुलगी आता आठवीत आहे. गावातल्या आणखी दोन मुलींबरोबर बसने जाते. बुधवारी अजूनही कधी कधी बुडते. नववीचं काय, दहावीचं काय, हे काहीच ठरलेलं नाही, आणि वडीलही अजून आलेले नाहीत. त्यासाठी दुआ करते, त्यापलीकडे माझ्या हातात फार नाही.

गोल माझ्या टेबलावर आहे. पावसाळा गेला, त्याला कीड लागली नाही. कपाटात खडूच्या खोक्याशेजारी मेथीचा डबा आहे. यंदा सातवीचा नवा वर्ग आला तेव्हा पहिल्याच दिवशी मी त्यांना गृहपाठ दिला: घरी जाऊन दादी-नानीला, आजीला विचारा, जुन्या कागदाचं तुम्ही काय करायचात? दुसऱ्या दिवशी बत्तीस मुलांपैकी अकरा जणांनी दुरडीचं नाव घेतलं. एकीची दादी तर म्हणाली म्हणे, "तुमच्या आपाला सांग, मेथी रात्रभर भिजव, नाहीतर चिकट येत नाही."

मी सांगितल्याप्रमाणे भिजत घातली आहे.